कागद हातात घेतलेला सज्जन

अन्यायावर उभ्या असलेल्या व्यवस्थेत एखादी लहानशी जागा स्वीकारायची आणि त्या जागेवर बसून जमेल तितकं बरं वागायचं, ह्याला चांगुलपणा म्हणता येईल का? प्रश्न जुना आहे. कौरवांचं मीठ खाल्लेल्या भीष्म-द्रोणांच्या निमित्तानं आपल्याकडे तो पिढ्यान्‌पिढ्या विचारला गेला आहे. पण भीष्म-द्रोण मोठी माणसं. त्यांनी नकार दिला असता तर इतिहास बदलला असता, असं निदान म्हणता तरी येतं. ज्याच्या नकारानं काहीच बदललं नसतं अशा सामान्य माणसाचं काय? हा प्रश्न यान कादार ह्या दिग्दर्शक-पटकथाकारानं जितक्या चिकाटीनं विचारला तितका फार थोड्यांनी विचारला असेल.

कादार १९१८ साली बुडापेस्टमध्ये जन्मले आणि स्लोव्हाकियातल्या रोझ्न्यावा ह्या गावात वाढले. घर ज्यू होतं. कायद्याचा अभ्यास अर्धा टाकून ते ब्रातिस्लाव्हात छायाचित्रण आणि चित्रपट शिकले. १९३८ साली रोझ्न्यावा हंगेरीत गेलं, आणि युद्धाची वर्षं कादारना हंगेरीच्या मजूर तुकडीत काढावी लागली. आईवडील आणि बहीण आउश्विट्झमध्ये मारले गेले. युद्ध संपलं त्याच वर्षी त्यांनी पहिला माहितीपट केला, तो उद्‌ध्वस्त स्लोव्हाकियाच्या पुनर्बांधणीवर. पुढे ते प्रागला गेले. तिथे आपल्याहून आठ वर्षांनी मोठ्या एल्मार क्लोस ह्यांच्याबरोबर त्यांची जोडी जमली, आणि जवळजवळ सतरा वर्षं दोघांनी एकत्र लिहिलं, एकत्र दिग्दर्शन केलं.

ह्या जोडीचा सर्वांत गाजलेला चित्रपट म्हणजे १९६५ सालचा ‘ओब्खोद ना कोर्झे’. इंग्रजीत ‘द शॉप ऑन मेन स्ट्रीट’. सर्वोत्कृष्ट परभाषी चित्रपटाचं ऑस्कर मिळवणारा हा पहिला चेकोस्लोव्हाक चित्रपट. मूळ कथा लादिस्लाव ग्रोसमान ह्यांची. ते पूर्व स्लोव्हाकियातल्या हुमेन्ने गावचे, पण कथा लिहिली चेक भाषेत. चित्रपट मात्र स्लोव्हाकमध्ये झाला. पैसा आणि स्टुडिओ प्रागचा, चित्रीकरण पूर्व स्लोव्हाकियातल्या सबिनोव ह्या छोट्या गावात, आणि प्रमुख भूमिकेत पोलंडमधल्या यिद्दिश रंगभूमीची थोर अभिनेत्री इदा कामिन्स्का. मला तौलनिक साहित्याच्या वर्गात कुणी ‘राष्ट्रीय चित्रपट’ ह्या संकल्पनेची व्याख्या विचारली असती, तर हे एक उदाहरण पुढे करून मी गप्प बसले असते.

कथानकाआधी थोडा इतिहास सांगायला हवा, कारण चित्रपट तो गृहीत धरतो. मार्च १९३९मध्ये हिटलरच्या आशीर्वादानं वेगळं स्लोव्हाक राष्ट्र जन्माला आलं. त्याचा अध्यक्ष योझेफ तिसो हा कॅथलिक धर्मगुरू होता आणि ह्लिंका गार्ड ही त्याच्या पक्षाची गणवेशधारी संघटना. १९४०पासून कायदे करून ज्यूंचे व्यवसाय काढून घेतले गेले. सुमारे दहा हजार दुकानं आणि धंदे बंद पाडले, आणि दोन हजारांवर ‘आर्य’ माणसांच्या ताब्यात दिले. सप्टेंबर १९४१मध्ये ‘ज्यू संहिता’ आली. मार्च १९४२पासून आगगाड्या सुटू लागल्या, आणि ऑक्टोबरपर्यंत सुमारे ५८,००० माणसं देशाबाहेर नेली गेली. नेलेल्या प्रत्येक माणसामागे स्लोव्हाक सरकार जर्मनीला ५०० राइशमार्क देत होतं. आधी दुकान, मग घर, मग माणूस असा हा क्रम होता. दुकान काढून घेतलं की माणूस निर्धन होतो, आणि निर्धन माणूस सरकारला ‘भार’ वाटू लागतो. आगगाडी हा त्या हिशेबाचा पुढचा आकडा होता.

चित्रपट १९४२ सालात घडतो. तोनो ब्र्त्को हा गरीब सुतार. कुणाच्या अध्यातमध्यात नाही. त्याचा साडू कोल्कोत्स्की गार्डचा गावातला म्होरक्या. तो तोनोला एक कागद आणून देतो. मुख्य रस्त्यावरच्या लाउत्मानोवा नावाच्या म्हाताऱ्या ज्यू विधवेचं बटणं आणि लेस विकण्याचं दुकान आजपासून तुझ्या ताब्यात. तोनोची बायको हरखते. तोनो दुकानात जातो, तर म्हातारी जवळजवळ ठार बहिरी. युद्ध चाललंय हेसुद्धा तिच्यापर्यंत पोचलेलं नाही. तो कागद दाखवतो, तिला कळत नाही. कुखार नावाचा एक भला माणूस, जो स्वतः ज्यू नाही, मध्ये पडतो आणि तिला सांगतो की हा तुम्हाला मदतनीस म्हणून आला आहे. तोनोला मात्र बाजूला घेऊन तो खरं सांगतो: दुकान बुडीत आहे, म्हातारी समाजाच्या वर्गणीवर जगते. तू कागद परत केलास तर दुसरा कुणी येईल, तो तुझ्यासारखा नसेल. तू राहा. ज्यू समाज तुला दरमहा पगार देईल.

इथे चित्रपट हसवतो, आणि हसू खरं आहे. लुटायला आलेला माणूस लुटल्या जाणाऱ्यांकडून पगार घेऊन नोकरीला लागतो. तो म्हातारीचं फर्निचर दुरुस्त करतो. ती त्याला जेवू घालते, नवऱ्याचा जुना सूट देते. दोघांत माया निर्माण होते, आणि योझेफ क्रोनेर ह्या नटानं ती इतकी सहज दाखवली आहे की प्रेक्षकाला तिच्यात खोट सापडत नाही. माझंही म्हणणं तिच्यात खोट आहे असं नाही. प्रश्न वेगळा आहे.

ह्या चित्रपटाची मराठी उपशीर्षकं मी एका फिल्म सोसायटीसाठी केली. स्लोव्हाक मला येत नाही. इंग्रजी संहिता समोर होती, आणि अडलं तिथे मूळ शब्द शोधून घ्यायचा. सर्वांत जास्त अडले ते तोनोच्या हुद्द्यापाशी. स्लोव्हाकमध्ये शब्द आहे ‘आरिझाटोर’, म्हणजे आर्यीकरण करणारा. इंग्रजीत त्याचं व्यवस्थापक वगैरे होऊन जातं. मराठीत काय म्हणायचं? ‘विश्वस्त’ म्हणावं तर तोनो प्रत्यक्षात जे करतो ते बरोबर सांगितलं जातं: तो जपतो, राखतो, डागडुजी करतो. ‘कब्जेदार’ म्हणावं तर कागद जे करतो ते सांगितलं जातं. सातबाऱ्यावरचा ‘भोगवटादार’ दोन्हींच्या मध्ये कुठेतरी बसतो, पण त्याला फार घरगुती वास आहे. थोडक्यात, माणूस वागतो कसा ह्यावरून त्याला नाव द्यायचं, की त्याच्या हातातला कागद काय करतो ह्यावरून? शब्दकोशाचा वाटणारा हा प्रश्न मुळात नीतीचा आहे, आणि चित्रपट पूर्ण दोन तास ह्याच प्रश्नाभोवती फिरतो.

त्यात आणखी एक गुंता होता. त्या शब्दाच्या पोटात ‘आर्य’ बसला आहे, आणि तो आपल्याकडून गेलेला आहे. संस्कृतात आदरानं उच्चारला जाणारा, नाटकांत बायका नवऱ्याला ज्या शब्दानं हाक मारतात तो शब्द एकोणिसाव्या शतकातल्या भाषाशास्त्र्यांनी युरोपात नेला, आणि तिथे भाषेचा वंश झाला. माक्स म्यूलर ह्यांनी १८८८मध्येच बजावलं होतं की भाषेच्या नावानं रक्त आणि कवट्या मोजणं हा शास्त्राचा घोटाळा आहे. तोवर उशीर झाला होता. मराठी वाचकाच्या कानाला ‘आर्यीकरण’ जवळजवळ संस्काराचं नाव वाटतं. ‘दुकानाचं हस्तांतरण’ असं सपाट भाषांतर करून तो त्रास वाचकाला चुकवता आला असता. मी ‘आर्यीकरण’ ठेवलं आणि तोनोला ‘आर्य ताबेदार’ केलं. ज्या सभ्य शब्दाच्या आडून ती लूट झाली तो शब्द आपल्या घरातलाही आहे, हे ऐकू यायला हवं होतं.

आता मूळ प्रश्नाकडे. तोनोची बाजू मजबूत आहे. त्यानं नकार दिला असता तर म्हातारीला दुसरा ताबेदार मिळाला असता, बहुधा क्रूर. त्याच्या असण्यानं तिचे काही महिने सुखाचे गेले. परिणामांवरून नीती ठरवायची तर तोनोनं कागद घेतला हेच बरोबर. कुखारचं गणितही तेच आहे: मोठं वाईट टाळण्यासाठी लहान वाईट पत्करा.

हाना आरेंट ह्यांनी १९६४ साली, म्हणजे हा चित्रपट बनत होता त्याच सुमारास, हुकूमशाहीतल्या वैयक्तिक जबाबदारीवर एक निबंध लिहिला. त्यात ह्या गणितावर त्यांचा नेमका आक्षेप आहे. लहान वाईट निवडणारे लोक आपण वाईट निवडलं आहे हे फार लवकर विसरतात, असं त्या म्हणतात. तोनोकडे पाहताना हे विसरणं कसं होतं ते दिसतं. पहिल्या दिवशी कागद त्याला टोचतो. मग पगार सुरू होतो. मग फर्निचर दुरुस्त होऊ लागतं. जसजसा तो म्हातारीशी चांगला वागू लागतो तसतसा कागद त्याच्या मनातून पुसट होतो. चांगुलपणा इथे त्याला वास्तवाकडे नेत नाही, वास्तवापासून दूर नेतो. संध्याकाळी सूट घालून तो रस्त्यावर मिरवतो तेव्हा त्याला खरोखरच वाटत असतं की आपण एका दुकानाचे भले मदतनीस आहोत.

म्हातारीचं बहिरेपण ह्या कथेत फार महत्त्वाचं आहे. तिला ऐकू येत नाही म्हणून तिला खरं सांगावं लागत नाही. सगळे भले लोक, कुखारसुद्धा, तिच्या ह्या बहिरेपणाच्या आडोशाला उभे आहेत. कुणी तिला एकदाही बसवून, ओरडून, लिहून सांगत नाही की बाई, हे दुकान आता तुमचं नाही आणि उद्या बहुतेक घरही नसेल. सांगून काय झालं असतं, असं विचारता येईल. बहुधा काहीच नाही. तरीही तिच्या आयुष्याविषयीचं सर्वांत मोठं सत्य गावात फक्त तिलाच माहीत नाही, आणि हे तिच्यावर दया करणाऱ्यांनी ठरवलेलं आहे. दया आणि आदर ह्यांत फरक आहे तो इथे. लहान मुलावर दया करता येते. आदर करायचा तर समोरच्याला त्याच्या संकटाचा मालक होऊ द्यावं लागतं.

मग तो दिवस येतो. चौकात ज्यूंना गोळा करतात, नावं पुकारतात. कुखारला ज्यूंचा मित्र म्हणून आधीच पकडून, गळ्यात पाटी अडकवून फिरवलेलं आहे. दुकानाच्या काचेतून तोनो हे पाहतो आणि पितो. तिला लपवावं की हवाली करावं? लपवलं तर आपला कुखार होईल. ह्या एका सकाळी तो तिच्यावर मायाही करतो, ओरडतोही, तिला बाहेर ढकलू पाहतो आणि पुन्हा आत ओढतो. अखेर म्हातारीला काय चाललंय ते उमगतं. त्याच गडबडीत गार्डच्या नजरेपासून लपवायला तो तिला कपाटासारख्या खोलीत ढकलतो. दार उघडतो तेव्हा ती मेलेली असते. तोनो गळफास लावून घेतो.

भल्या माणसाचा धीर शेवटच्या घडीला सुटला, असा ह्या शेवटाचा अर्थ लावायचा मोह होतो. मला तो पटत नाही. त्या सकाळी तोनोला जे ठरवायचं होतं ते त्यानं आधीचे कितीतरी आठवडे पुढे ढकललेलं होतं. पगाराच्या दर महिन्याला, दुरुस्त केलेल्या प्रत्येक खुर्चीबरोबर ते पुढे गेलं. नकाराची सवय नसलेल्या माणसाला एका सकाळी नकार कुठून सुचणार? आरेंट त्याच निबंधात म्हणतात की सामील न झालेले लोक काही मूल्यांचे मोठे पंडित नव्हते. हे केल्यावर मला स्वतःबरोबर राहता येईल का, एवढंच त्यांनी स्वतःला विचारलं. तोनो हा प्रश्न विचारतो, पण कपाटाचं दार उघडल्यावर. आणि उत्तर ‘नाही’ असं आल्यावर तो ते अक्षरशः अमलात आणतो.

ह्यात एक विषमता आहे, आणि ती मला चित्रपटातली सर्वांत कडवट गोष्ट वाटते. कार्ल यास्पर्स ह्यांनी १९४६मध्ये अपराधाचे चार प्रकार सांगितले: कायद्याचा, राजकीय, नैतिक आणि आधिभौतिकाच्या पलीकडचा. नैतिक अपराधाचं न्यायालय म्हणजे ज्याची त्याची सदसद्विवेकबुद्धी. तोनो त्या न्यायालयात उभा राहतो, कारण त्याच्यापाशी ते आहे. कोल्कोत्स्की ते दारच ओलांडत नाही. चौक रिकामा होतो, गाड्या सुटतात, आणि फाशी होते ती एका सुताराला, त्याच्याच हातून. जबाबदारी सर्वांत जास्त ज्याची, तिचा भार सर्वांत जास्त त्यालाच जाणवतो असं नाही. म्हणूनच ‘सगळेच दोषी’ असं हळहळून म्हणणं धोक्याचं आहे. त्या वाक्यानं कोल्कोत्स्कीची सुटका होते आणि तोनो एकटा लटकतो. तोनोला निर्दोष ठरवणंही तितकंच चुकीचं. दोष वाटून घेताना प्रत्येकाचा वाटा वेगळा मोजावा लागतो, आणि ते कंटाळवाणं, तपशिलाचं काम आहे.

कादारना हा तपशील कुठून सापडला? त्यांच्या कामाकडे पाहिलं तर वाटतं, काही अंशी स्वतःच्या कारकिर्दीतून. १९५२ साली कादार-क्लोस ह्यांनी ‘ऊनोस’ नावाचा चित्रपट केला. दोन वर्षांपूर्वी चेकोस्लोव्हाक विमानं पळवून पश्चिम जर्मनीत नेली गेली होती, त्यावरचा तो शीतयुद्धाच्या सरकारी चौकटीतला चित्रपट. म्हणजे सरकारी स्टुडिओत बसून, सरकारच्या कागदावर काम करणं त्यांनी केलेलं आहे. १९५८मध्ये त्यांनी ‘तीन इच्छा’ हा चित्रपट केला. वरवर परीकथा: एका तरुणाला तीन वर मिळतात आणि सुखाचा संसार उभा राहतो. मग खरं बोलल्यामुळे संकटात सापडलेल्या मित्रासाठी त्या सुखावर पाणी सोडायचं का, असा पेच येतो. हे अधिकाऱ्यांना झोंबलं. १९५९ साली बान्स्का बिस्त्रित्साच्या चित्रपट परिषदेत त्यावर टीकेची झोड उठली, चित्रपट डब्यात गेला आणि दोघांना दोन वर्षं काम मिळालं नाही. तो पडद्यावर आला १९६३ साली.

त्यानंतरचे तीन चित्रपट ओळीनं पाहावेत. ‘मृत्यूचं नाव एंगेलखेन’ (१९६३) लादिस्लाव म्न्याच्को ह्यांच्या कादंबरीवर आहे. जखमी होऊन खाटेला खिळलेला एक पार्टिझन आठवत राहतो की ज्या गावानं आम्हाला आसरा दिला ते आम्ही निघून गेल्यावर जर्मनांनी जाळलं. ‘आरोपी’ (१९६४)मध्ये एका वीजकेंद्राच्या संचालकावर खटला आहे. प्रकल्प वेळेत व्हावा म्हणून त्यानं नियमाबाहेर बोनस वाटले असा आरोप. आणि मग तोनो. एक लढवय्या, एक अधिकारी, एक सुतार. ह्यांतला एकही खलनायक नाही, आणि एकालाही ‘माझा हेतू चांगला होता’ एवढ्यावर कादार-क्लोस सोडत नाहीत. ज्याचं कुटुंब आउश्विट्झमध्ये संपलं त्या माणसाला खलनायकावर चित्रपट करण्याचा पूर्ण हक्क होता. त्यानं तो फारसा वापरला नाही, आणि कॅमेरा नेला तो कागद हातात घेतलेल्या सज्जनांवर.

ऑगस्ट १९६८मध्ये सोव्हिएत रणगाडे आले तेव्हा ह्या जोडीच्या पुढच्या चित्रपटाचं चित्रीकरण अर्ध्यात होतं. ते नंतर पुरं झालं, पण कादार अमेरिकेत गेले. ग्रोसमान इस्रायलला गेले. इदा कामिन्स्कांनी त्याच वर्षी, ज्यूविरोधी मोहिमेमुळे, पोलंड सोडलं. क्लोस मायदेशात राहिले आणि त्यांना स्टुडिओतून काढलं गेलं. गेलेल्यांनी बरोबर केलं की राहिलेल्यांनी, असा निवाडा मी करणार नाही. कादारनी परदेशात ‘द एंजल लेव्हाइन’ (१९७०), कॅनडात ‘लाइज माय फादर टोल्ड मी’ (१९७५) असे मोजके चित्रपट केले, विद्यार्थ्यांना शिकवलं, आणि १९७९ साली लॉस एंजेलिसमध्ये त्यांचं निधन झालं. सबिनोवच्या त्या रस्त्याची धार पुढच्या कामाला आली नाही, असं मला वाटतं.

‘ओब्खोद ना कोर्झे’च्या शेवटी दोघांच्या मृत्यूनंतर एक स्वप्न आहे. झगझगीत उजेडात, बॅंडच्या तालावर, तोनो आणि लाउत्मानोवाबाई ठेवणीतले कपडे घालून त्याच रस्त्यावर नाचत येतात. ह्या दृश्यानं प्रेक्षकाला फुकटची सुटका मिळते, असा आक्षेप घेता येईल. मला ते उलट वाटतं. स्वप्नात काहीच अलौकिक नाही. दोन शेजारी, उन्हात, मुख्य रस्त्यावरून चाललेत एवढंच. ‘कोर्झो’ म्हणजे संध्याकाळी लोक फिरायला येतात तो रस्ता. ह्याहून जास्त काही म्हातारीनं मागितलं नव्हतं. आणि एवढंही तिला मिळायचं तर कुणा एका सुताराच्या मनात माया असून भागणार नव्हतं. त्याच रस्त्यावर रोज फिरणाऱ्या पुष्कळ माणसांनी, पहिल्या दुकानाची पाटी बदलली त्या आठवड्यात, पहिला कागद हातात पडला तेव्हाच, तो न घेता परत द्यायला हवा होता. तेव्हा ते अवघड होतं, पण अजून शक्य होतं.